लेखी आधार

संगीतकोशाच्या परीक्षणातून रासोलोबाबांवरची नोंद तिसऱ्यांदा परत आली आणि वृंदाने डोकंच धरलं. मादागास्करमध्ये दोन वर्षं त्यांच्या अंगणात बसून ती वलिहा शिकली होती. बांबूच्या नळीभोवती तारा ताणलेलं ते वाद्य, निघताना त्यांनीच दिलेलं, आत्ताही तिच्या टेबलावर होतं. पण परीक्षक सबनीससरांचा लाल शाईतला शेरा काही हलेना : ‘लेखी आधार?’

“सर, मी स्वतः त्यांच्याकडे शिकलेय हो!”

“तुमच्यावर अविश्वास नाही, बाई. पण कोशाला छापील पुरावाच लागतो. तिकडच्या पेपरात कधीतरी दोन ओळी आल्या असतील की!”

आल्या, पण त्यासाठी बाबांना मरावं लागलं. ती श्रद्धांजली सबनीससरांनी स्वतः मिळवली, फ्रेंचमधून मराठीत करून घेतली आणि उत्साहाने फोन केला.

“सुटलो बुवा एकदाचे! नोंद मंजूर. तुमची तेवढी एक चूक सुधारून छपाईला पाठवली. पेपरात त्यांना गिटारवादक म्हटलंय.”

वृंदाने वलिहा जवळ ओढून घेतलं. “सर, जन्मात त्यांनी गिटारला हात लावला नाही!”



“याला काही लेखी आधार?”