अक्कलदाढेचे काका

"सर, अक्कलदाढेचे काका बुधवारी चारला येतो म्हणालेत," रिसेप्शनवरच्या ताईंनी केबिनच्या दारातून सांगितलं.

दातांच्या डॉक्टरांनी मान वर केली. "चारलाच? नक्की?"

"हो. इतर वेळी त्यांना जमत नाही."

"चालेल," डॉक्टर म्हणाले आणि पुन्हा समोरच्या जबड्यात डोकावले. "आ करा. अजून मोठा."

ताईंनी बाहेर येऊन सुस्कारा सोडला. अक्कलदाढेचे काका नावाचा माणूस या जगात नव्हता. बुधवारी चारला ताईंच्या मुलीची सेमीफायनल होती.

मुलगी व्हिडिओ गेम खेळायची, आणि तेही असंतसं नाही. चौघांची टीम होती, मोठी स्पर्धा होती. समोरच्यांचा किल्ला पाडायचा. चौघं चार ठिकाणी बसून खेळायचे आणि एकमेकांना फक्त आवाजाने ओळखायचे. यावरून घरात रामायण झालं होतं. शेवटी बाबांनी अट घातली, "कप आणलास तर वर्षभर खेळ, मी चकार शब्द काढणार नाही. नाहीतर गपगुमान आत्याच्या ऑफिसात नोकरीला जायचं." बाबांचा अंदाज होता, पोरगी पहिल्याच फेरीत गारद होईल. आता त्यांचीच झोप उडाली होती.

ताईंना स्पर्धेचं वेळापत्रक तोंडपाठ होतं. "संध्याकाळी निकाल कळतोच की," नवरा म्हणायचा. पण लेकीची शिळी मॅच बघण्यात काय राम?

अडचण होती डॉक्टरांची. मागच्या रिसेप्शनिस्टला त्यांनी मोबाइलवर रंगीत गोळ्या फोडताना पकडलं आणि त्याच दिवशी नारळ दिला. तेव्हापासून भिंतीवर पाटी होती, 'खेळ घरी. इथे दात.'

म्हणून अक्कलदाढेचे काका जन्माला आले. मॅचची वेळ त्यांच्या नावावर टाकायची. काका अर्थातच उगवायचे नाहीत. मग ताई काउंटरखाली फोन धरायच्या, एका कानात इअरफोन घालायच्या आणि दुसरा कान केबिनकडे ठेवायच्या. आतून 'झालं. चूळ भरा,' असं ऐकू आलं की दार उघडणार, हे त्यांना ठाऊक होतं. डॉक्टरांच्या तोंडी ते वाक्य इतकं बसलं होतं की परवा बल्ब बदलून स्टुलावरून उतरतानाही ते तेच म्हणाले.

नवल एवढंच की उशिरा येणाऱ्या पेशंटला फैलावर घेणारा हा माणूस काकांवर कधी चिडला नाही. "नाही आले? असू दे, वय झालंय त्यांचं," असं म्हणायचे. "मी आत कॉम्प्युटरवर एक्स-रे बघतो. कुणाला सोडू नका." आणि दार लावून घ्यायचे. देव आपल्या पाठीशी आहे, असं ताईंनी मनोमन ठरवून टाकलं.

टीमने सेमीफायनल जिंकली. रात्री जेवताना मुलीचे पाय जमिनीवर नव्हते.

"सगळं श्रेय शांतोबांचं!"

"हा कोण शांतोबा?" बाबांनी विचारलं.

"आमचे कॅप्टन. खेळातलं नाव आहे ते. कधी ओरडत नाहीत. आणि आम्हा सगळ्यांना अहो-जाहो करतात! 'घाबरू नका, जरा डावीकडे सरका.'"

"चांगल्या घरचा दिसतोय," बाबा पुटपुटले.

"आई, फायनलला आमचं बोलणंही ऐकवणार आहेत. पण फोनवर सगळं थोडं उशिरा दिसतं हं. तू नखं खात असशील तेव्हा आमचं केव्हाच आटोपलेलं असेल."

फायनल शुक्रवारी चारला होती. सकाळी वेळ बदलली, साडेपाच झाली. साडेपाच म्हणजे दवाखान्यातली ऐन गर्दीची वेळ. ताईंनी दोन पेशंटना गोड बोलून शनिवारवर ढकललं आणि काळीज घट्ट करून केबिन गाठली.

"सर, ते काका चारला नाही, साडेपाचला..."

"चालेल, चालेल," डॉक्टर घाईने म्हणाले.

काकांच्या सुनेचं आजारपण, वाटेत बंद पडलेली गाडी, सगळी रचलेली गोष्ट फुकट गेली.

साडेपाचला दार लागलं. बाहेर फक्त एक निवृत्त शिक्षिका होत्या. गाल टम्म सुजलेला, आणि वेळेच्या बऱ्याच आधी येऊन बसलेल्या. त्यांना काउंटरखालचा उजेड दिसला.

"ऊं?"

"माझी मुलगी आहे हो," ताईंनी हळूच कबूल केलं. "फायनल खेळतेय."

बाईंनी खुर्ची उचलून थेट काउंटरच्या आत आणली. ताईंनी एक इअरफोन त्यांच्या कानात घातला.

खेळ रंगला. पोरांचा एकच गलका चालला होता. मधूनच एक खालच्या पट्टीतला आवाज काही सांगायचा, पण आईच्या कानात लेकीच्या आवाजापुढे दुसरं काही शिरेना. एक गडी पडला. दुसरा पडला. आत्याचं ऑफिस ताईंच्या डोळ्यांपुढे नाचू लागलं. मग लेकीने मुसंडी मारली. आता फक्त किल्ल्याचा शेवटचा दरवाजा उरला होता. बाईंनी ताईंचा दंड असा आवळला की बोटं उमटली.

इतक्यात केबिनमधून आवाज आला, "झालं. चूळ भरा."

ताईंनी दचकून फोन ओढणीखाली लपवला. पेशंट बाहेर येणार! मग त्यांच्या लक्षात आलं, आत पेशंट नव्हताच.

दार काही उघडलं नाही. ताईंनी भीत भीत फोन बाहेर काढला. दरवाजा अजून उभाच होता. मग त्याला तडा गेला, तो कोसळला आणि त्याच्यामागे अख्खा किल्ला कोसळला. "आई गं, जिंकलो!" लेक किंचाळली. शिक्षिकाबाईंनी सुजल्या गालाने आरोळी ठोकली. ताई रडत होत्या, हसत होत्या, कुणी बघेल याची पर्वा उरली नव्हती.

आणि त्या सगळ्या गलक्यात, इअरफोनमध्ये, शांतोबा सावकाश म्हणाले, "झालं. चूळ भरा."