शवागारातला दुसरा दिवस

"जिन्यावरून पडून गेली हो साहेब," नवऱ्याचं कालपासून एकच पालुपद. काल तिच्या मानेवर खरंच काही नव्हतं. तरीही डॉक्टरबाईंनी बॉडी दिली नाही. "खोलवरचा मार कातडीवर उशिरा उमटतो," त्यांनी इन्स्पेक्टरला बजावलं, "एक दिवस कळ काढा." आज चादर हटवताच त्या जवळजवळ ओरडल्याच, "दिवा इकडे घ्या, लवकर!" मानेच्या एका बाजूला चार निळसर डाग, दुसऱ्या बाजूला एक. आत कापून पाहिलं, तर तिथंही रक्त साकळलेलं. "ही चार बोटं, हा अंगठा. गळा दाबलाय!" "बाई, मी तर फाइल बंद करायला निघालो होतो," इन्स्पेक्टर पुटपुटला. दार उघडताच नवरा पुढे सरसावला, "आता तरी बायको ताब्यात द्या माझ्या." इन्स्पेक्टरने त्याचं मनगट पकडलं. डॉक्टरबाई बाकावर बसलेल्या तिच्या बहिणीकडे वळल्या. "ताई, तिला तुम्ही न्यायचं."