ट्रेलोर : मतं एक

"क्लॅरी, तुमच्या नावापुढे मतं किती लिहू?" जोसीने चष्म्यावरून बघत विचारलं.

"एक."

आवाज घोगरा निघाला. गेल्या गुरुवारपासून तो कुणा माणसाशी बोलायला वापरलाच गेला नव्हता. क्लॅरी ट्रेलोर एकटा राहायचा आणि दर गुरुवारी वॉरबिनच्या वाचनालयामागच्या इतिहास-खोलीत येऊन बसायचा. जुन्या कागदांशी त्याला काही देणंघेणं नव्हतं. तिथे हीटर असायचा आणि कुणीतरी नावाने हाक मारायचं. घर तर त्याला खायला उठायचं.

वॉरबिन गावच्या कौन्सिलला यंदा सव्वाशे वर्षं होत होती. पुस्तक निघणार होतं, आणि सगळ्या जुन्या निवडणुकांचे निकाल जमवायचं काम ही खोली सांभाळणाऱ्या जोसीच्या गळ्यात पडलं होतं.

"एकोणीसशे चौऱ्याहत्तर," ती वाचू लागली. "बर्ट लोमॅन दोनशे अकरा. किट्टोबाई एकशे चाळीस. ट्रेलोर एक." मग हसू दाबत म्हणाली, "पुस्तकात आलं की नातवंडंसुद्धा हसतील हो!"

"हसू देत. अडतीस वर्षं हसतायतच की. पबात अजून मला एकमत्या म्हणतात."

लोक हसले याचं त्याला दुःख नव्हतं. फुटबॉल क्लबातल्या अठरा गड्यांनी खांद्यावर हात ठेवून मत द्यायचा शब्द दिला होता आणि अठराच्या अठरा फिरले होते. त्यांना त्याने केव्हाच माफ करून टाकलं, त्यांच्याबरोबर बिअरही प्यायला. माफ केलं नव्हतं ते फक्त बायकोला.

निकालाच्या संध्याकाळी ॲव्हरिल म्हणाली होती, "मी माझं मत तुलाच दिलं, क्लॅरी."

"मग माझं कुठे गेलं?"

"तुझं तू बघ. मी माझं दिलं."

घरात मतं दोन आणि पेटीतून निघालं एक. ते तर त्याचं स्वतःचं. मग ॲव्हरिलचं कुठे गेलं, हे काय कुणी सांगायला हवं? सात वर्षं त्या दोघांनी हेच एक भांडण उगाळलं. ती रडायची, शपथा घ्यायची. मग एके दिवशी तिने बॅग भरली आणि जिलाँगला बहिणीकडे निघून गेली. क्लॅरी दारापर्यंतसुद्धा गेला नाही. तेव्हापासून एकतीस वर्षं तो एका माणसाचा स्वयंपाक करत होता आणि रेडिओवर घोड्यांच्या शर्यती लावून त्या समालोचकाशी हुज्जत घालत होता.

आणि आता, आठवड्यापूर्वी, तिचं पत्र आलं होतं.

बहीण गेली, घर विकायला काढलंय, असं तिने लिहिलं होतं. "मी परत यायला तयार आहे. पण खोटारडी म्हणून येणार नाही. माझ्यावर विश्वास आहे, एवढं एकच वाक्य लिही. सोमवारपर्यंत उत्तर नाही आलं किंवा नाही म्हणालास, तर मी वृद्धाश्रमाच्या कागदांवर सही करते. मग मात्र पुन्हा विचारणार नाही."

क्लॅरीने पुढची खोली झाडून काढली होती. तिच्या बाजूची खिडकी अडकायची, तिला तेल घातलं होतं. देवा रे, किती वाटत होतं त्याला की ती यावी! पण ते एक वाक्य लिहायला बसला की हात आखडायचा. आज सकाळी त्याने उत्तर लिहून टाकलं. बंद पाकीट आता टेबलावर, त्याच्या टोपीशेजारी पडलं होतं. टपाल तीनला निघायचं.

जोसीने पत्ता वाचला. "ॲव्हरिलला? काय लिहिलंत?"

"खरं ते."

"अहो, एका मतासाठी? या वयात? समजा दिलं असेल तिने लोमॅनला. होतो माणूस शहाणा एखाद्या दिवशी!"

"लोमॅनला दिलं असतं आणि तसं सांगितलं असतं ना जोसी, तर दोन दिवस रुसलो असतो आणि विसरलो असतो." त्याने टोपी उगाच फिरवली. "पण तोंडावर खोटं बोलली. माझ्या डोळ्यांत बघून. ते नाही गिळवत."

"आणि तुमचं मत तुम्हालाच होतं, हे नक्की? ऐन वेळी हात थरथरला असेल."

"काहीतरीच काय! पसंतीप्रमाणे एक, दोन, तीन असे आकडे घालायचे असतात ना, तर माझ्या नावापुढच्या चौकटीत हा असा ठसठशीत एक काढला." त्याने टेबलावर बोटाने काढून दाखवला. "आणि त्या लोमॅनला शेवटचा नंबरसुद्धा दिला नाही हलकटाला. किट्टोबाईंनाही नाही. म्हटलं, माझ्या पेन्सिलीतून दुसऱ्या कुणाला काही मिळायचं नाही."

"बाई गं, काय तो ताठा!" जोसी हसली आणि उठली. "थांबा, मी हे वर्तमानपत्रातून उतरवलंय, ताडून बघते. पेनहॉल माहितीये ना, त्या वेळचे कौन्सिलचे कारकून? त्यांच्या नातीने परवा त्यांची वही आणून दिली. मोजणी त्यांनीच केली होती."

"तीन वाजत आले. मी टपालात टाकून येतो."

"बसा हो, दोन मिनिटांचं काम."

तो बसला. घाई तरी कसली होती? बाहेर पडलं की पुढच्या गुरुवारपर्यंत बोलायला कुणी नव्हतं. जोसीने काळ्या कव्हरची वही उघडली आणि पानावरून बोट खाली नेलं.

"हं, सापडलं. लोमॅन दोनशे अकरा, बरोबर. किट्टो एकशे चाळीस. ट्रेलोर एक. जुळलं सगळं. खाली एक ओळ आहे, ती पेपरात छापलेली नाही." तिने वही उजेडाकडे धरली आणि वाचू लागली. वाचता वाचता तिचा आवाज बारीक होत गेला. "बाद मतपत्रिका एक. ट्रेलोर यांच्या चौकटीत एक आकडा, बाकी दोन्ही चौकटी कोऱ्या. सर्व चौकटींत आकडे न भरल्यामुळे नियमानुसार मोजणीत धरली नाही."