एका शब्दाची पाटी

पडद्यावरच्या नवऱ्याने गुडघे टेकले आणि तिसऱ्या रांगेतल्या गोपीनाथरावांना घाम फुटला.

रविवारची दुपार. बालाजी घाटाजवळच्या मराठी मंडळाच्या हॉलमध्ये खिडक्या झाकून शंभर वर्षांपूर्वीचा जर्मन मूकपट चालू होता. संवादांच्या पाट्या जर्मनमध्ये. ती भाषा येणारं माणूस मंडळात एकच, गोपीनाथरावांची बायको लतिकाबाई. तीस वर्षं विद्यापीठात जर्मन शिकवून निवृत्त झालेल्या. पडद्याशेजारी उभ्या राहून, टॉर्चच्या उजेडात त्या वहीतून मराठी वाचत होत्या. मंडळाकडे तीन मूकपट होते, त्यातले दोन विनोदी. हा तिसरा त्यांनीच निवडला होता.

गोष्ट बाहेरख्याली नवऱ्याची. गोपीनाथरावांचे दोन वर्षांचे गुरुवार पुलापलीकडे रामनगरला, एका बाईंच्या घरी गेले होते. घरी सांगायला गुडघ्याची मालिश होती. चैत्रात ते सगळं संपलं. तेव्हापासून एकच धास्ती. हिला कळलं तर ही आपल्याला घराबाहेर काढणार. सहा महिने झाले, लतिकाबाईंनी मालिश का बंद झाली एवढंसुद्धा विचारलं नव्हतं. लक्षण काही बरं नव्हतं.

पडद्यावरची बायको बोलली. पाटी आली. मोजून एक शब्द, पुढे उद्गारचिन्ह. लतिकाबाईंनी वहीत पाहिलं, मग तिसऱ्या रांगेकडे पाहिलं आणि वही मिटली.

“मला पहिल्या महिन्यापासून ठाऊक होतं,” त्या म्हणाल्या. “फार चिडले होते. आता नाही. जेवायला चला.”

“भाषा मोठी किफायती आहे हो,” मागून कोणीतरी शेरा मारला.

चित्र मात्र पुढे चालूच होतं. माफी मिळालेला नवरा उठला, टोपी घेतली, बॅग उचलली आणि मान खाली घालून बाहेर पडला. बायकोने आतून कडी लावली.

हॉलमध्ये चुळबुळ सुरू झाली. मंडळाचे चिटणीस दत्तात्रेय म्हणाले, “वहिनी, जेवायला बोलावलं ना? मग हा बॅग घेऊन निघाला कुठे?”

लतिकाबाईंनी वही उघडली, पुन्हा मिटली. तीस वर्षांत वर्गात त्यांचं उत्तर कधी अडलं नव्हतं. तेवढ्यात गोपीनाथराव उभे राहिले.

“रबडी आणायला गेलाय,” ते म्हणाले. “येईल लगेच.”

टॉर्चचा झोत त्यांच्या तोंडावर आला.

“तुम्हाला कधीपासून यायला लागली जर्मन?”

गोपीनाथरावांनी डोळे पुसले.

“आत्ताच आली.”