टाळ्या

"फ्रीसन! ए फ्रीसन! घरी जा, बटाटे लाव!" मागच्या ओळीतून कुणीतरी बेंबीच्या देठापासून ओरडलं.

अगाथाचा चेहरा उजळला. "नाव घेताहेत ना गं त्याचं?"

"हो, आई."

"आणि बटाटे कसले?"

"गावाकडचा मुलगा आहे ना, म्हणून चिडवतात. प्रेमानं," जोलीन म्हणाली. मागच्याच आठवड्यात कुणीतरी त्यांच्या दारात नासक्या बटाट्यांचं पोतं ओतून गेलं होतं. ते तिनं सासूला सांगितलं नव्हतं.

ऑक्टोबर संपत आला होता. हातानं चेंडू फेकायच्या फुटबॉलचे सोळा सामने झाले होते, त्यातले चौदा हरलेले. चेंडू फेकणारा जोलीनचा नवरा केल्विन, त्यामुळे चौदाही त्याच्याच माथी. अगाथाला यातलं फारसं ठाऊक नव्हतं. दोन वर्षांपासून तिची नजर पार अधू झाली होती. मैदान म्हणजे तिला एक हिरवा डाग, आणि माणसं म्हणजे हलत्या सावल्या. तरी मुलाचा सामना एकदा 'बघायचा' म्हणून ती चार तास गाडीत बसून आली होती. खेळाडूंच्या घरच्यांसाठी वर काचेआड उबदार जागा होती. "तिथं बसून मला काय ऐकू येणार?" असं म्हणून तिनं ती नाकारली. म्हणून दोघी इथे, लोकांत, उघड्यावर. जोलीननं टोपी भुवयांपर्यंत ओढून घेतली होती.

अगाथा सूर्यफुलाच्या बिया सोलत होती. केल्विननं चेंडू हातात घेतला, मागे सरकला, उजवीकडे पाहिलं. डावीकडून समोरच्या संघाचा एक धिप्पाड गडी सुटला आणि त्याच्या पायांवर येऊन कोसळला. केल्विनचा गुडघा जिकडे वळू नये तिकडे वळलेला जोलीनला इथून दिसला.

क्षणभर सगळीकडे शांत झालं. केल्विन उठला नाही. डॉक्टर धावले. कडेला राखीव खेळाडूनं अंगातला जाड कोट काढला आणि तो हात मोकळे करू लागला.

आधी एकानं टाळी वाजवली. मग दहांनी. मग ओळीच्या ओळी उभ्या राहिल्या. शिट्ट्या, भोंगे, पत्र्यावर आपटणारे बूट. तीस हजार माणसं हसत होती, एकमेकांच्या पाठी थोपटत होती. सगळ्या हंगामात असा आवाज झाला नव्हता.

"काय झालं गं?" अगाथानं जोलीनची बाही धरली. "काय झालं? सांग ना!"

"टचडाउन," जोलीन म्हणाली. "चेंडू शेवटच्या रेषेपार नेला."

"आपल्या केल्विननं?"

"हो. आपल्या केल्विननं."

बियांची पिशवी मांडीवरून खाली पडली. अगाथा उठून उभी राहिली. लोकरीच्या हातमोज्यांत टाळीचा आवाज होईना, तेव्हा तिनं ते दातांनी ओढून काढले आणि डोक्यावर हात नेऊन ती कडाकडा टाळ्या वाजवू लागली. "शाब्बास, पोरा! शाब्बास!" तिच्या डोळ्यांतून पाणी वाहत होतं. जोलीननं एकदा तिचं मनगट धरलं. तिनं ते झटकून सोडवून घेतलं.

"वा, आजी!" मागचा माणूस खूश होऊन ओरडला. "होऊन जाऊ द्या! सुटलो बुवा एकदाचे!"

अगाथा हसून मागे वळली. "कशातून सुटलो?"

तेवढ्यात क्लबचं जाकीट घातलेली एक मुलगी पायऱ्यांवरून धापा टाकत आली. ओळीतल्या माणसांवरून वाकून म्हणाली, "मिसेस फ्रीसन ना? केल्विनला आत नेलंय. पाय वाईट मोडलाय. डॉक्टर तुम्हा दोघींनाही बोलावताहेत."

मागचा माणूस खाकरून म्हणाला, "तसं नाही हं, बाई. तो पडला म्हणून कुणी वाजवत नव्हतं. दुसरा उतरतोय, म्हणून."

अगाथा त्या आवाजाकडे तोंड करून तशीच उभी राहिली. हात अजून छातीपाशी, एकमेकांना टेकलेले. मग ते हळूहळू खाली आले.

पायऱ्या उतरताना जोलीननं तिचा दंड धरला होता. "आई, मला वाटलं..."

"पुढं बघ," अगाथा म्हणाली. "पायरी चुकेल."

आतल्या खोलीत केल्विन टेबलावर आडवा होता. मांडीपर्यंत फळ्या बांधलेल्या, कपाळावर अजून माती. भिंतीपलीकडून पुन्हा गलका उठला. राखीव खेळाडूनं पहिलीच फेक अचूक टाकली असावी.

"बस, आई." त्याची जीभ इंजेक्शननं जड झाली होती. "वर काचेआड होतीस ना? बरं झालं. तिथं काही ऐकू येत नाही."

जोलीननं खुर्ची ओढून अगाथाला टेबलाशी बसवलं.

"मी पडून ऐकत होतो," तो म्हणाला. "शिव्यांची सवय झाली होती गं. वाटलं, आता तरी गप्प बसतील. तीस हजारांत एकानं तरी हात आवरला असता!"

अगाथाचा हात त्याचा चेहरा चाचपडत पुढे आला होता. तो मध्येच थांबला. केल्विननं तो पकडला, आपल्या गार गालावर दाबून धरला आणि डोळे मिटले.

"एवढ्या थंडीत," तो पुटपुटला, "तुझे हात इतके गरम कसे गं, आई?"