एजाजचा आवाज

एजाजला टूरेट नावाचा मज्जासंस्थेचा विकार होता. लहानपणापासून त्याचे खांदे अचानक उडायचे आणि घशातून ‘हुक्क’ असा आवाज निघायचा. बसमध्ये लोक वळून बघायचे. “साहेब, हॉर्न घरी ठेवून यायचा,” एकानं सुनावलंही होतं. मुलगी झाली तेव्हा हडपसरच्या हॉस्पिटलात तो खिडकीशीच उभा राहिला. “घ्या ना हिला,” बायको सबा पलंगावरून म्हणाली. “नको. खांदा उडाला तर पडेल. माझ्या आवाजाला घाबरेलसुद्धा.” तेवढ्यात लेकीनं रडून खोली डोक्यावर घेतली. आजीनं थोपटलं, सबानं छातीशी धरलं, तरी ती थांबेना. एजाज कासावीस झाला आणि नेमकं तेव्हाच ‘हुक्क’ निघालं. लेक गप्प झाली. तिनं आवाजाकडे मान वळवली. “अहो, नऊ महिने पोटात हेच ऐकलंय तिनं. घाबरेल कशाला?” सबानं त्याला शेजारी बसवून लेक त्याच्या मांडीवर ठेवली. त्याचा खांदा उडाला. लेकीनं जांभई दिली.