सुधारलेलं गाणं

दुधाच्या पातेल्यावरचं झाकण थडथडलं आणि घरातली शांतता मोडली. उल्काने गॅस बंद केला. ओट्यावरच्या फोनमधून अखेर गाण्यांच्या अ‍ॅपच्या कंपनीची बाई बोलू लागली.

"मॅडम, यंत्राने सगळ्याच जुन्या गाण्यांतल्या चुका काढल्यात. तुमच्या मिस्टरांच्या गाण्यात दोन गिटार होत्या. एक किंचित मागे पडायची. आता जुळल्यात."

"अहो, चूक कसली? परागने एकच तुकडा दोनदा वाजवला होता, एकदा डाव्या कानासाठी, एकदा उजव्या. माणसाला दोनदा तंतोतंत सारखं वाजवता येत नाही. तेवढ्या फरकामुळेच तर गाणं भिंतीसारखं उभं राहायचं. आता डास गुणगुणतोय नुसता!"

"तक्रार फक्त तुमचीच आहे, मॅडम."

"वाजवणारा उरला नाही ना तक्रार करायला! मूळ रेकॉर्डिंग परत द्या."

"मूळ आम्ही ठेवत नाही. सुधारलेलं तेच मूळ."

"न विचारता माझ्या पोरीच्या बापाला इस्त्री केलीत तुम्ही!" उल्काने फोन तोडला.

चार वर्षांची चिऊ पायाशी बसून सगळं ऐकत होती. बाबाला तिने फक्त याच गाण्यात ऐकलं होतं. या कानात एक बाबा, त्या कानात एक, असं ती शेजारीपाजारी सांगत फिरायची. तिने हेडफोन चढवले, गाणं लावलं आणि जरा वेळाने कपाळावर बोट ठेवलं.

"आई, आता एकच बाबा आहे, इथे मधोमध. मग चुकीचा बाबा कुठला होता?"